कोळशाची चव मस्क्यात : कबाबवाल्या बांधवांसाठी एक नवा माल

मुंबईतील कबाबवाल्या बांधवांसमोर २०२५ सालापासून एक नवा पेच उभा आहे. त्या वर्षीच्या जानेवारीत मुंबई उच्च न्यायालयाने हवेच्या प्रदूषणाच्या प्रकरणात आदेश दिला की, लाकूड व कोळसा जाळणाऱ्या बेकऱ्या आणि खाणावळींनी सहा महिन्यांच्या आत गॅस किंवा तत्सम स्वच्छ इंधनाकडे वळावे. पाठोपाठ महापालिकेच्या नोटिसा निघाल्या. तंदूरवाले, पाववाले, सीखवाले असे सगळेच त्या जाळ्यात आले. हवा स्वच्छ असावी याला कोणाचा विरोध असणार? भट्टीच्या धुराने पहिले फुफ्फुस जाते ते भट्टीपाशी उभे राहणाऱ्याचेच. परंतु ज्या कारागिराने आयुष्यभर सिगडीवर पंखा हलवला, त्याच्या हातातला हुनर गॅसच्या शेगडीवर कसा उतरवायचा, याचा विचार ना नोटिशीत आहे, ना कोणत्या सरकारी पुस्तिकेत. तो आपला आपणच करावा लागणार.

धंद्यातली माणसे सर्रास म्हणतात, "कोळसा गेला की चव गेली." आमच्या मते हे अर्धेच खरे आहे. सीख कबाबाच्या बाबतीत त्यात बरेच तथ्य आहे, कारण सीख आगीवर अधांतरी असते आणि निखाऱ्याच्या कोरड्या धगीवरच ती शेकली जाते. गॅस जळताना स्वतः पाण्याची वाफ सोडतो, म्हणून उघड्या ज्योतीवर धरलेला कबाब वरून ओलसर, फिक्कट राहतो. पण मांसाचा जाड तुकडा तापलेल्या लोखंडावर टाकला तर गोष्ट बदलते. तिथे काम लोखंड करते. खाली कोळसा आहे की गॅस, हे त्या तुकड्याला कळतही नाही. म्हणूनच आज आम्ही या पानावर मसाला चोळलेल्या स्टेकची आणि त्यावर ठेवायच्या हिरव्या मस्क्याची सविस्तर माहिती देत आहोत.

स्टेक म्हटले की आपल्या मोहल्ल्यात लोक हसतात. तो साहेबांचा, मोठ्या हॉटेलांचा पदार्थ, अशी समजूत आहे. वास्तविक हा शब्द उत्तर युरोपातल्या जुन्या नॉर्स भाषेतला असून त्याचा मूळ अर्थ काठीला टोचून भाजलेले मांस असा आहे. आपल्या 'सीख'चा अर्थही टोचायची सळईच. तेव्हा परके वाटून घेण्याचे कारण नाही. शिवाय गोश्ताचे चपटे तुकडे करून मसाला लावायचा, ही पसंद्यांची रीत आपल्याकडे जुनीच आहे. हैदराबादेत तर 'पत्थर का गोश्त' तापलेल्या शिळेवर शेकतात. तिथे चव येते ती दगडाच्या तापाने. निजामाच्या राज्यात १९४८ पर्यंत असलेल्या मराठवाड्यातल्या वाचकांना हे वेगळे सांगायला नको.

मांस कोणते, आणि का

प्रथम कायदा स्पष्ट करून घेऊ, कारण यात चूक महागात पडते. महाराष्ट्र पशुसंरक्षण कायदा १९७६ चा. त्यातील दुरुस्ती विधिमंडळाने १९९५ मध्ये मंजूर केली, पण राष्ट्रपतींची संमती मिळाली ती २०१५ मध्ये. तेव्हापासून गायीबरोबर बैल व वळू यांच्या कत्तलीवरही राज्यात बंदी आहे. मे २०१६ मध्ये उच्च न्यायालयाने ही बंदी कायम ठेवली. राज्याबाहेर कापलेल्या जनावराचे मांस जवळ बाळगण्याला गुन्हा ठरवणारे कलम मात्र रद्द केले. आपल्या दुकानदाराने या बारकाव्यात शिरूच नये. म्हैसवर्गीय जनावराचे, अधिकृत कत्तलखान्यात दाखल्यासह कापलेले मांस घ्यावे आणि खाटकाकडून प्रत्येक खेपेची पावती घेऊन ती दुकानातच ठेवावी. मुंबईकरांसाठी देवनार आहेच. पावती मागितली म्हणून जुना खाटीक रुसेल तर रुसू द्यावा. पावती दोघांच्याही हिताची आहे.

म्हशीच्या मांसाचे गुणदोष ओळखूनच माल करावा लागतो. दूध, शेतकाम किंवा पैदास यांच्या उपयोगाचे राहिले नाही असा दाखला मिळालेले जनावरच कापायला येते. म्हणजे ते वयस्क असते. त्याचे मांस गडद, रेशे जाड, आणि रेशांच्या आतली चरबी फार कमी. अमेरिकेतला स्टेक ज्या आतल्या चरबीमुळे रसाळ होतो, ती इथे नाही. तेव्हा रस बाहेरून द्यावा लागतो. मस्का हा इथे थाटमाट म्हणून येत नाही, मांसातली उणीव भरून काढायला येतो.

यासाठी जागा एकच, अंडरकट. कण्याच्या आतल्या बाजूने, कमरेजवळ, दोन्ही अंगांना एकेक असा हा लांबट स्नायू असतो. जनावर चालते, वजन ओढते, त्या कष्टात याचा वाटा सर्वांत कमी, म्हणून वयस्क जनावरातही तो मऊ राहतो. खाटीक बांधवांना हे पिढ्यान् पिढ्या ठाऊक आहे. दुःख एवढेच की, अंडरकट किलोच्या भावाने त्यांच्या हातून जातो आणि हॉटेलच्या ताटात तोच तुकडा कितीतरी पट दराने विकला जातो. मधला फायदा कापणाऱ्याच्याही पदरात पडत नाही, शेकणाऱ्याच्याही.

आणखी एक गोष्ट आपल्या धंद्यात दुर्लक्षित आहे. सकाळी कापलेले मांस दुपारी शेगडीवर, याला आपण ताजेपणा म्हणतो आणि अभिमानाने सांगतो. पण कत्तलीनंतर काही तासांत मांस आखडते आणि नेमके तेव्हाच ते सर्वांत चिवट असते. कीमा करायचा असेल तर चालून जाते, कारण यंत्र आणि कच्ची पपई मिळून काम भागवतात. स्टेकला हा मार्ग नाही. अंडरकट शून्य ते चार अंश तापमानात, झाकून, निदान दोन-तीन दिवस ठेवावा. तेवढ्यात मांसातले स्वतःचेच पाचक द्रव रेशे सैल करतात. ज्याच्याकडे भरवशाचा फ्रीज नाही, वीज वरचेवर जाते, त्याने या मालाच्या वाटेला तूर्त जाऊ नये.

नंतर सुरी. वरची चंदेरी झिल्ली संपूर्ण काढावी. ती शिजून मऊ होत नाही, उलट आक्रसते आणि तुकडा वाकडा करते. शेपटीकडचा निमुळता भाग बोटीला ठेवावा. मधल्या जाड भागाचे सव्वा ते दीड इंच जाडीचे, रेशांच्या आडवे तुकडे करावेत. पातळ तुकडा लोखंडावर टाकला की रंग येण्याआधीच आतून वाळून जातो.

पपई नको, मीठ हवे

आपल्या उस्तादांना हे पटायला जड जाईल, पण स्टेकला दही, पपई, आले-लसणाचे वाटण लावू नये. मांसावर जो तपकिरी, खरपूस थर येतो, ज्याच्या वासाने गिऱ्हाईक रस्ता ओलांडून येते, तो साधारण १४० अंशांच्या पुढे तयार होतो. मांसातली प्रथिने आणि साखर यांचा हा खेळ माइयार नावाच्या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाने १९१२ मध्ये प्रथम मांडला. पाणी मात्र १०० अंशांवर उकळते. पृष्ठभाग ओला असेल तोवर तापमान त्यापुढे सरकत नाही. म्हणजे वाटण लावलेला तुकडा तव्यावर आधी उकडतो आणि मग भाजतो. पपईचा चीकही फार आत जात नाही. वरचा थर लगदा होतो आणि मधला भाग जसाच्या तसा राहतो.

त्याऐवजी किलोला १२ ते १५ ग्रॅम मीठ चोळून तुकडे जाळीवर, न झाकता, फ्रीजमध्ये चार-पाच तास ठेवावेत. आधी पाणी सुटते, मग तेच खारे पाणी मांस परत शोषून घेते आणि वरचा भाग कोरडा पडतो. एवढा वेळ नसेल तर मीठ शेकण्याच्या अगदी क्षणी लावावे. मधली दहा-पंधरा मिनिटे सर्वांत वाईट, कारण तेव्हा पाणी बाहेर आलेले असते आणि आत गेलेले नसते.

मसाला कोरडा आणि भरड असावा. काळी मिरी चार भाग, धणे तीन भाग, जिरे एक भाग आणि चवीपुरती कबाबचिनी, जिला आपल्याकडे कंकोळही म्हणतात. मंद आचेवर कोमट होईतो परतून खलबत्त्यात कुटावे. किलोभर मांसाला २५ ग्रॅम पुरे. पूड बारीक झाली की ती जळते. लाल तिखटाचेही तेच, कडक तव्यावर ते काळे पडून कडवट होते आणि त्याच्या ठसक्याने दुकानातली सगळी माणसे खोकू लागतात. तिखट हवेच असेल तर ब्याडगी मिरचीची पूड मस्क्यात मिसळावी. साखर, गूळ अजिबात नको. लवंग-दालचिनी घालायची तर नावापुरती, नाहीतर स्टेकला बिर्याणीचा वास येतो.

धूर साठवायचा कसा

आता मूळ प्रश्न. कोळशाची चव म्हणून आपण जी ओळखतो ती नेमकी कुठून येते? पांढरी राख धरलेला चांगला निखारा जवळपास निव्वळ कार्बन असतो. त्याचा स्वतःचा धूर फारच थोडा. वास येतो तो कबाबातली चरबी आणि मसाल्याचे पाणी निखाऱ्यावर टपकते, जळते आणि त्याचा धूर परत वर चढतो त्यामुळे. म्हणजे चरबी आणि ताप एकत्र आले की धूर मिळतो, त्यासाठी दिवसभर शेगडी धगधगत ठेवण्याची गरज नाही. दुसरी गोष्ट, धुराचा वास पाण्यापेक्षा चरबीत अधिक मुरतो आणि अधिक टिकतो. धुंगार देताना निखाऱ्यावर तूप सोडून झाकण लावण्याची रीत आपल्या घराघरांत आहे. आमची सूचना अशी की, प्रत्येक ताटाला धुंगार देत बसण्यापेक्षा तो मस्क्यालाच एकदा द्यावा.

अर्धा किलो बिनमिठाचे लोणी घ्यावे. घरच्या पांढऱ्या लोण्यात ताक राहते आणि ते लवकर आंबते, म्हणून तयार पाकिटातले बरे. ते मऊ करून पसरट भांड्यात थापावे आणि भांडे बर्फाच्या परातीत ठेवावे, नाहीतर वितळून जाईल. मधोमध वाटी, वाटीत एक लाल निखारा, त्यावर चार थेंब तूप, आणि वर घट्ट झाकण. दहा मिनिटांत लोणी धूर पिऊन घेते. एका निखाऱ्याने तीसएक ताटांची सोय होते. हा एक निखारा आदेशाच्या शब्दांत बसतो की नाही ते वकिलाला विचारावे. नसेल बसत, तर काढून ठेवलेल्या चरबीचा तुकडा लालबुंद तव्यावर टाकून त्यावर लोण्याचे भांडे उलटे धरले तरी बऱ्यापैकी काम होते.

मग त्या लोण्यात बारीक चिरलेली कोथिंबीर भरपूर, पुदिना तिच्या पाव हिश्श्याने, हिरवी मिरची, भाजलेल्या लसणाचा लगदा, मिरपूड, लिंबाची किसलेली साल आणि थोडा रस. फ्रान्समधली मूळ रीत अजमोदासारख्या पार्स्ली या पाल्याची आणि लिंबाची आहे. आपल्या बाजारात कोथिंबीर आहे, तिने काही बिघडत नाही. पाला धुऊन फडक्यावर पूर्ण कोरडा करणे मात्र अत्यावश्यक. पाणी राहिले की मस्का नासतो. लोणी बटर पेपरात वळकटीसारखे गुंडाळून थंड करावे आणि १५ ग्रॅमच्या चकत्या कापाव्यात. फ्रीजमध्ये आठवडाभर, बर्फाच्या कप्प्यात महिनाभर टिकते. लसूण घातलेले लोणी बाहेर उन्हाळ्यात पडू देऊ नये. त्यात विषबाधेचा धोका आहे.

मसाला कुटणे आणि मस्का वळणे ही दोन्ही कामे दुकानाबाहेर, घरी होऊ शकतात. ज्या घरांतल्या भगिनी आज पापड-लोणच्यांच्या ऑर्डरी घेतात, त्यांना हा अधिकचा रोजगार आहे. मात्र विक्रीसाठी बनवणाऱ्याला २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याखाली नोंदणी लागते, ती आधी करून घ्यावी.

तव्यावर

तवा बिडाचा, जड, निदान अर्धा इंच जाडीचा. पातळ पत्र्याचा तवा मांस टाकताच थंड होतो. शेगडी व्यापारी सिलिंडरची, १९ किलोच्या. घरगुती १४.२ किलोचा सिलिंडर दुकानात वापरणे बेकायदा आहे आणि गजबजलेल्या गल्लीत धोक्याचेही. पाण्याचा थेंब तव्यावर मोत्यासारखा नाचू लागला की ताप आला असे समजावे. तेल तव्यावर न ओतता मांसाला पुसावे. एका बाजूने दोन ते तीन मिनिटे, मग दुसरी बाजू, नंतर दर मिनिटाला उलटत राहिले तरी हरकत नाही. आतून समान शिजते. उलथन्याने दाबून चर्र आवाज काढण्याची हौस टाळावी, त्यात रसच वाहून जातो.

मस्का तव्यावर घालू नये. लोण्यातला दुधाचा अंश दीडशे अंशांच्या आसपास करपतो. तुकडा उतरवून जाळीवर पाच मिनिटे विसावू द्यावा, मग ताटलीत घेऊन त्यावर चकती ठेवावी. ती गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत वितळली पाहिजे. धुराचा वास तेव्हा उठतो.

कितपत शिजवावे, हा आपल्या वस्तीत नाजूक विषय आहे. आत गुलाबी दिसले की लोक रक्त म्हणून ताट परत करतात. ते रक्त नव्हे. जबीहाच्या वेळी रक्त वाहून जाते. रेशांत उरतो तो स्नायूंचा स्वतःचा लाल रंगद्रव्याचा रस. शरीअतने मनाई केली आहे ती वाहत्या रक्ताची. तरीही गिऱ्हाइकाशी वाद घालणे हा धंदा नव्हे. अख्ख्या तुकड्याला आत ६३ अंश ताप मिळून तो थोडा विसावला तर आरोग्याच्या दृष्टीने पुरते, कारण जंतू वरच्या पृष्ठभागावर असतात. कीम्यात ते सगळीकडे मिसळतात, म्हणून सीखेला ७१ अंश हवेतच. टोचायचा थर्मामीटर ही मोठ्या खर्चाची वस्तू नाही, प्रत्येक भट्टीवर एक असावाच. ज्याला पूर्ण शिजलेलेच हवे, त्याचा तुकडा जास्त वेळ जाळत ठेवू नये. तो पुस्तकासारखा मधून उघडून पातळ करावा, लवकर शेकावा आणि मस्क्याची चकती एकाऐवजी दोन द्याव्यात.

बड्या हॉटेलांतल्या मिरीच्या सॉसमध्ये ब्रँडी किंवा वाईन असते, हे आपल्यापैकी पुष्कळांना माहीत नाही. स्टेक हलाल आणि सॉस हराम, असा प्रकार तिथे होतो. मस्क्याच्या स्टेकला सॉसच लागत नाही. आपल्या दुकानदाराची ही जमेची बाजू आहे आणि ती त्याने पाटीवर लिहावी.

हिशोब

बहुतेकांचा तोटा इथे होतो. समजण्यास सोपे जावे म्हणून अंडरकट १०० रुपये किलो धरू. खरा भाव ज्याने त्याने घालावा. पाच किलो आणला, ५०० रुपये झाले. झिल्ली, चरबी, शेपटी काढून चार किलो उरला, तर २०० ग्रॅमचे २० तुकडे पडतात. पुष्कळ जण २०० ग्रॅमचे २० रुपये धरतात. प्रत्यक्षात ते २५ पडतात. निघालेल्या एक किलोपैकी ६०० ग्रॅम सीखेच्या कीम्यात गेले आणि कीम्याचे मांस ६० रुपये किलो असेल तर ३६ रुपये परत आले. उरलेले ४६४ भागिले २०, म्हणजे तुकडा २३ रुपये २० पैसे. छाटण कुत्र्यांना घालणारा प्रत्येक ताटामागे पावणेदोन रुपयांच्या वर फेकतो. यावर मस्का, मसाला, गॅस, पाव, कांदा, मजुरी, भाडे आणि न खपलेल्या मालाची घट. ती घट धरल्याशिवाय दर ठरवूच नये.

मांस शेकताना पाव हिश्श्यापर्यंत वजन घटते. २०० ग्रॅमचा तुकडा ताटात १५० ग्रॅमच्या आसपास येतो. पाटीवर 'कच्चे वजन २०० ग्रॅम' असे लिहिले नाही तर एखादा चिकित्सक गिऱ्हाईक काटा मागेल. तुकडे आदल्या रात्री तोलून ठेवावेत. गर्दीच्या वेळी अंदाजाने कापणाऱ्याचा हात नेहमी मोठाच पडतो.

सुरुवात आठवड्यातून दोन दिवस, दिवसाला दहा तुकडे, एवढीच करावी. सीख बंद करू नये. ती रोजची भाकर आहे. संध्याकाळी उशिरापर्यंत तुकडे उरले तर ते दुसऱ्या दिवशी नव्या मिठात न घालता बोटीला द्यावेत. आणि विसावताना जाळीखाली जो रस साठतो तो फेकू नये. मस्क्याचा चुरा घालून त्यात पाव घोळवावा, तव्यावर दोन्ही बाजूंनी शेकावा आणि ताटाबरोबर द्यावा. गिऱ्हाईक दुसरा पाव मागतेच. त्याचे पैसे वेगळे लावावेत.